मूळक देशाचा तलाठी

साळवे आप्पांनी मागच्या उन्हाळ्यात एका देशाला नोटीस पाठवली. देश म्हणजे आजचा नव्हे. शेकडो वर्षांपूर्वीच नकाशावरून उठून गेलेला अश्मक देश. ‘लगतदार या नात्याने आपणांस कळविण्यात येते की, आपल्या शेजारील मूळक देशाच्या नावाची नोंद घेण्याचे काम सुरू आहे. आपली काही हरकत असल्यास पंधरा दिवसांचे आत लेखी कळवावी, अन्यथा आपले काही म्हणणे नाही असे समजण्यात येईल.’ ही नोटीस माझ्याच दुकानात, माझ्याच हातानं टाइप झाली, हे मी आधीच कबूल करून टाकते.

‘‘आप्पा, पत्ता काय टाकू?’’ मी दात-ओठ खात विचारलं. दुकानात कॉलेज प्रवेशाचे फॉर्म भरायला पोरांची ही गर्दी, प्रिंटर तापलेला, आणि हे खुर्ची ओढून निवांत बसलेले.

‘‘अश्मकची राजधानी पोतन. काही जाणकार म्हणत्यात, आताचं तेलंगणातलं बोधन ते हेच. लिहा. माननीय प्रमुख, अश्मक देश, मुक्काम बोधन.’’

नोटीस रजिस्टर पोस्टानं गेली आणि तीन आठवड्यांनी ‘पत्ता अपुरा’ असा शेरा घेऊन परत आली. मला वाटलं, आता तरी माणूस वरमेल. कसचं काय! आप्पांनी तो लखोटा सगळ्या गिऱ्हाइकांना दाखवला. ‘‘पंधरा दिवस उलटले. हरकत आली नाय. म्हणजे अश्मकचं काई म्हणणं नाय. मामला साफ!’’

आता तुम्हीच सांगा, अशा माणसाचं काय करायचं?

गारखेड्यात माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं छोटं दुकान आहे. आप्पा आमच्याच गल्लीत, तिसऱ्या घरात राहतात. चौतीस वर्षं तलाठी होते. जमीन कुणाची, किती, बांधाला कोण, विहीर कुणाची, कोण मेलं नि वारस कोण लागले, हे सातबाऱ्यावर लिहिण्यात उभा जन्म गेला. माणूस निवृत्त झाला, आतला तलाठी नाही. खिशात अजून दोन पेनं, एक निळं, एक लाल. बगलेत कापडी दप्तर. आणि तोंडात अष्टौप्रहर एकच वाक्य, ‘‘तोंडी चालत नाय. कागद दाखवा.’’

भाजीवाली म्हणाली, टमाटे गावरान आहेत, तर हे म्हणणार, ‘‘कागद?’’ माझ्या नवऱ्यानं एकदा सहज फुशारकी मारली की आमचं घराणं सात पिढ्या पैठण तालुक्यातलं. आप्पा त्याच्याकडं असं बघायला लागले, जसं काही त्यानं दुसऱ्याच्या शेतात नांगर घातला. ‘‘सात पिढ्या? म्हणजे कालचेच की वो तुमी!’’ नवरा दोन दिवस माझ्यावरच फुगून बसला. जसं काही मीच आप्पांना पढवून ठेवलं होतं.

तर हे मूळक काय प्रकरण आहे, ते मला ऐकून ऐकून पाठ झालंय, म्हणून तुम्हालाही सांगते. फार पूर्वी, म्हणजे सातवाहनांच्याही आधी, पैठणच्या आजूबाजूच्या गोदाकाठच्या मुलखाला मूळक म्हणत. शेजारचा तो अश्मक. आप्पांकडं याचे पुरावे. एक, बौद्धांचा जुना पाली ग्रंथ. त्यात गोदावरीकाठचे सोळा शिष्य बुद्धांना भेटायला निघतात, आणि वाटेतलं पहिलं गाव लागतं ते मूळकांचं पैठण. दोन, नाशिकच्या लेण्यातला शिलालेख. त्यात एका सातवाहन राजाच्या ताब्यातल्या देशांची यादी आहे आणि त्या यादीत मूळक आहे. पुढं पुराणांतही कुठं कुठं नाव येतं. मग हळूहळू ते अश्मकात मिसळून जातं आणि दिसेनासं होतं.

‘‘मिसळलं असंल!’’ आप्पा टेबलावर मूठ आपटतात. ‘‘जमिनीचे दोन गट एक झाले म्हणून जुना नंबर खोडून टाकायचा व्हय? कोणत्या कायद्यात बसतंय हे?’’

त्या पाली ग्रंथाच्या काही प्रतींत म्हणे नाव थोडं वेगळं येतं. मी चुकून ते इंटरनेटवर वाचलं आणि चुकून बोलून गेले. ‘‘नकलनवीसाची चूक,’’ आप्पांनी एका दमात निकाल दिला. ‘‘नक्कल उतरवताना डुलकी लागती. मी पाहिल्यात असल्या छप्पन्न चुका.’’

आणि या सगळ्याचे अर्ज कोण टाइप करणार? मी! एकेका अर्जाला चार-चार वेळा दुरुस्ती. ‘कदाचित’ हा शब्द त्यांना चालत नाही. ‘असावे’ चालत नाही. ‘‘आहे लिहा, मंगलताई. असावे लिहिलं की वरचा साहेब फाईल खाली ठेवतो.’’ आधीच आमच्या शहरात शहराच्याच नावावरून बोलायला लागलं तर चहाची टपरी तासभर रिकामी होत नाही. रिक्षावाला एक नाव घेतो, बसलेला दुसरं घेतो, आणि क्रांती चौक येईपर्यंत दोघं तोंड फुगवून गप्प. त्यात हे आमचे आप्पा तिसरंच घेऊन उभे. रिक्षावाल्यानं ‘कहां जाना’ विचारलं की म्हणणार, ‘‘मूळकातच ऱ्हायचंय बाबा, पण आधी पोस्टात सोड.’’

इथवर मी नुसती वैतागलेली होते. खरी आग लागली ती बागेच्या भिंतीवरून.

आमच्या वसाहतीत एक मोकळी जागा होती, तिची बाग झाली. बागेला लांब भिंत आली, आणि बाग समितीनं ठरवलं की भिंतीवर ‘आपल्या भागाचा इतिहास’ रंगवायचा. मुलांना कळेल, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल. समितीचे अध्यक्ष देशमुख काका, जायकवाडी धरणात शेत गेल्यावर शहरात आलेले. माणूस वाईट नाही, पण अध्यक्ष झाल्यापासून चालतानासुद्धा फोटोत आल्यासारखं चालतात. मजकूर टाइप करून पेंटरला द्यायचं काम माझ्याकडं आलं. मजकूर सुरू होत होता ‘सातवाहन काळापासून’.

आप्पांनी माझ्या स्क्रीनवर ती ओळ वाचली. अर्धा कप चहा तसाच ठेवला. उठले, घरी गेले, आणि तासाभरात हातानं लिहिलेला अर्ज घेऊन परत. विषय : पहिल्या ओळीत मूळक देशाचे नाव दाखल करणेबाबत.

बैठकीत मीही होते. काका हसून म्हणाले, ‘‘साळवेसाहेब, लोकांना माहीत असलेलं लिहायचं असतं हो. मूळक कुणी ऐकलंय तरी का?’’

‘‘भिंतीवर नाय लिहिलं तर ऐकणार कसं?’’

‘‘पण प्रत्यक्ष पुरावा?’’

बस्स! तलाठ्याला हे विचारावं? मला तिथंच काकांच्या तोंडावर हात ठेवावासा वाटला, पण उशीर झाला होता. आप्पांनी शांतपणे लाल पेन काढलं आणि म्हणाले, ‘‘स्थळपाहणी लावा.’’

तर अशा रीतीनं एका रविवारी भल्या सकाळी आम्ही नाशिकला निघालो. मी का गेले? कारण आप्पा म्हणाले, पंच दोन लागतात, काका एक, मी दुसरी. एवढ्या लांब मी आजवर सासरच्या लग्नालासुद्धा कुरकुर केल्याशिवाय गेले नाही, आणि इथं मात्र शिदोरी बांधून गेले. वाटेत काका मागच्या सीटवर घोरत होते. आप्पा ताठ बसून बाहेर बघत होते. मधेच एका ओढ्यावर म्हणाले, ‘‘हद्द इथं असावी.’’ मग स्वतःच चपापले. ‘असावी’ म्हणाले ना! त्यानंतर लेणी येईपर्यंत बोललेच नाहीत.

लेण्यांच्या पायऱ्यांनी आमचा जीव काढला. काका दर वीस पायऱ्यांवर बसून पाणी पीत होते. आप्पांचे गुडघे दुखतात, गल्लीत दूध आणायला जाताना लंगडतात, पण त्या दिवशी माणूस आमच्या पुढं. वर पोचल्यावर व्हरांड्यात घुसले आणि भिंतीवर उंचावर कोरलेल्या अक्षरांसमोर उभे राहिले. ब्राह्मी लिपी त्यांना येत नाही. पण ‘मुळक’ एवढी तीन अक्षरं कशी दिसतात, ते कुठल्यातरी पुस्तकातून कागदावर उतरवून आणलं होतं. तो कागद वर धरून, मान मोडेस्तोवर, ओळी ओळीनं शोधत राहिले.

‘‘हे बघा.’’

मी बघितलं. मला तर सगळीकडं सारखंच दिसत होतं. पण आप्पांचं बोट तिथून हलेना, म्हणून मी म्हणाले, ‘‘हो, दिसलं.’’

मग सुरू झाला पंचनामा. ‘आम्ही खालील सह्या करणार पंच, समक्ष हजर राहून...’ दप्तरातून मोजपट्टी काढून भिंतीला लावणार तोच राखणदार धावत आला. ‘‘ओ आजोबा! हात नाही लावायचा!’’

‘‘मी शासकीय मोजणी...’’

‘‘कुणी पाठवलंय तुम्हाला?’’

आप्पा क्षणभर गडबडले. मग म्हणाले, ‘‘गारखेडा.’’

राखणदार एवढा गोंधळला की बाजूला उभा राहून बघतच राहिला. शेवटी आप्पांनी त्यालाच तिसरा पंच केलं. त्यानं सही केली, खाली मोबाईल नंबरही टाकला. काकांनी धापा टाकत सही केली आणि म्हणाले, ‘‘झालं ना समाधान? आता घेऊ तुमचं मूळक.’’ परत येताना आप्पांनी गाडीत सगळ्यांना शेंगदाण्याचे लाडू वाटले. लाडू दगडासारखे होते, पण मी दोन खाल्ले.

आणि पुढच्या आठवड्यात अंतिम मजकूर माझ्या हातात आला. सुरुवात : ‘सातवाहन काळापासून’. मूळक नाही. मी काकांना फोन लावला. म्हणाले, ‘‘अगं, जागाच उरली नाही भिंतीवर. पेंटरनं मापं दिली ना. पुढं कधीतरी बघू.’’

मी कागद खालपर्यंत वाचला. शेवटी समितीची नावं होती. अध्यक्ष, उपाध्यक्ष, सचिव, सहसचिव, खजिनदार, दोन सल्लागार. सात नावं, पदांसकट, मार्गदर्शक अमुक आणि प्रेरणास्थान तमुक वेगळेच. दोन हजार वर्षं दगडात टिकलेल्या तीन अक्षरांना जागा नाही, आणि कालपरवा बैठकीत झोपा काढणाऱ्या सहसचिवाला पूर्ण ओळ! तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या.

तेवढ्यात आप्पा आले. कागद माझ्या हातातून घेतला, वाचला. मी वाट बघत होते की आता मूठ आपटणार, कलमं सांगणार, जिल्हाधिकाऱ्यांपर्यंत जातो म्हणणार. त्यांनी कागदाची घडी घातली, टेबलावर ठेवली आणि स्टुलावर बसले.   मला ते अजिबात आवडलं नाही.

‘‘आप्पा, भांडा ना! एवढे कागद आहेत तुमच्याकडं.’’

‘‘कागद हायेत वो,’’ आप्पा म्हणाले. ‘‘लोकांचे लई कागद लिहिले मी. आमचाच नव्हता.’’

मग ते सांगायला लागले, खाली बघत, दप्तराचा बंद बोटाला गुंडाळत. त्यांचं गाव गोदाकाठी होतं. जायकवाडी धरण झालं, तेव्हा गाव पाण्यात गेलं. उठायच्या आधी गावात साहेब आले, यादी घेऊन. ज्याची जमीन, ज्याचं घर, त्याचं नाव पुकारायचे. तो पुढं जायचा, अंगठा द्यायचा, त्याला दुसरीकडं जागा मिळायची, नव्या गावाला जुन्या गावाचं नाव मिळायचं. आप्पांची आई सकाळपासून रांगेत उभी. उन्हं कलली तरी नाव येईना. यायचं कुठून? जमीन नव्हतीच, आणि यांच्या सगळ्या वस्तीची घरं गायरानावर, कागदावर ती घरंच नव्हती. रोज दुसऱ्याच्या रानात खपायची बाई, यादीत तिला कोण लिहिणार?

‘‘यादी संपली. साहेब उठाया लागला. तशी माय फुडं झाली. पैशाचं नाय बोलली, जागेचं नाय बोलली. म्हणली, साहेब, गाव तर चाललं पाण्यात. उद्या कुणी इचारलं तर आमी कुठले म्हणून सांगायचं?’’

‘‘मग?’’

‘‘साहेब म्हणला, बाई, तुमची नोंद नाय.’’

आप्पांनी बोटाला गुंडाळलेला बंद सोडवला.

‘‘मी तवा मॅट्रिक होतो. तिथंच ठरवलं, तलाठी व्हायचं. झालो. पण मायच्या इचारण्याला जबाब काई सापडंना. ती गेली तरी नाय सापडला. शहरात आलो, मजुरी केली तिनं, कुणी इचारलं की नुसती हसायची. मग रिटायर झाल्यावर ह्या वाचनाच्या नादी लागलो, न् मूळक घावला. गाव बुडालं, पण मुलूख तर हाय ना जागेवर? त्याचं नाव तर लिवलेलं हाय ना कुठंतरी?’’ आप्पा थांबले. ‘‘तुमाला माहितीय का, तो लेणीतला लेख कुणी कोरला? राजानं नाय. राजाच्या म्हाताऱ्या आईनं. लेकाच्या नावावर एवढे देश चढवले त्या माऊलीनं. मी म्हणलं, एक लेकानं मायच्या नावावर चढवावा.’’

मी त्यांच्यावर आजवर किती चिडले होते, ते सगळं एकदम आठवलं आणि स्वतःचीच लाज वाटली. लाज वाटली की मला जास्तच राग येतो. दुकान उघडं टाकून मी तशीच काकांच्या घरी गेले.

काका झोपाळ्यावर पेपर वाचत होते. मी कागद त्यांच्या मांडीवर टाकला. ‘‘काका, तुमचंही शेत धरणात गेलंय ना?’’

‘‘हो. का गं?’’

‘‘यादीत नाव पुकारलं होतं का तुमच्या वडिलांचं?’’

‘‘पुकारलं होतं की. पहिलंच होतं.’’

‘‘मग झालं तेवढं पुरे! दरवेळी यादीत नाव तुमचंच कसं हो?’’ आणि मग आप्पांच्या आईचं सगळं सांगून टाकलं. आवाज एवढा चढला की काकू कणकीच्या हातानं बाहेर आल्या. मी आणखी काय काय बोलले मला आठवत नाही, पण सहसचिवाच्या झोपेबद्दल नक्की बोलले.

काकांनी कागद मांडीवरून उचलला. मग चष्मा पुसला. ‘‘आमच्याच गावातलं हे. त्या रांगेत मी होतो,’’ म्हणाले. ‘‘वडिलांचं बोट धरून. कुणीतरी बाई विचारत होती साहेबाला. साळवेची आई होती होय ती?’’ मग उठून आतून पेन आणलं आणि नावांवर खालून वर एकेक रेघ मारत गेले. मार्गदर्शक आणि प्रेरणास्थान गेले, मग समितीची सहा नावं खोडली. सातव्याशी पेन अडलं. ‘‘अध्यक्षाचं राहू दे गं,’’ म्हणाले. ‘‘बारीक अक्षरात.’’

मी म्हटलं, राहू द्या.

पहिली ओळ मीच लिहिली. ‘गोदावरीच्या या काठाला फार पूर्वी मूळक देश म्हणत.’ सलीमभाई पेंटरनं ती वाचली आणि मला विचारलं, ‘‘मैडम, ये पैलाच लाइन है ना? बडा लिखूं?’’ मी म्हटलं, सगळ्यात मोठं लिहा. ‘‘हौ,’’ म्हणाला आणि निळ्याचा नवा डबा फोडला.

रंग वाळला त्या दिवशी सकाळी मी बागेत गेले, तर आप्पा आधीच तिथं. धुतलेला पांढरा शर्ट, पायांत चपला नाहीत, त्या बाजूला काढून ठेवलेल्या. मला वाटलं, नमस्कार करणार. पण ते भिंतीपासून दहा पावलं मागं येऊन ताठ उभे राहिले आणि घसा खाकरला. तलाठी गावच्या चावडीवर उभा राहून सगळ्या गावाला ऐकू जाईल असं नोंदी वाचून दाखवतो, त्याला चावडी वाचन म्हणतात. नोंद नुसती लिहून पक्की होत नाही, ज्यांची आहे त्यांच्या कानावर जावी लागते. आप्पांनी चौतीस वर्षं लोकांच्या नोंदी तशा वाचल्या. त्या खणखणीत आवाजात त्यांनी पहिली ओळ वाचली. फिरायला आलेल्या बायका थबकल्या, बाकावर पेपर वाचणाऱ्यानं मान वर केली. आप्पांनी ती ओळ पुन्हा एकदा वाचली, सावकाश, प्रत्येक शब्द सुटा करून, जशी न शिकलेल्या माणसाला वाचून दाखवतात तशी.

पुढच्या ओळी त्यांनी वाचल्याच नाहीत. मी अगदी जवळ उभी होते, म्हणून मला ऐकू आलं.

‘‘ऐकलं का गं माय? मूळकचे आपण. कुणी इचारलं तर सांग.’’